भोंग्याच्या तोंडातला परका

आमच्या भोंग्याला माइक लागत नसे. सांगोल्याच्या जत्रेत नाटक ऐन रंगात आलेलं असताना वीज गेली, तर ह्यानं कंदिलाच्या उजेडात उरलेला अंक नुसत्या घशावर ओढून नेला. पार मागं बैलगाड्यांत बसलेल्या बायांनीसुद्धा त्याच्या खलनायकाला पोटभर शिव्या घातल्या. आमच्या गिरणीच्या भोंग्यासारखा आवाज, म्हणून हे नाव आम्ही कामगारांनीच दिलेलं. मी त्याच्या नाटकात पडदा ओढायचो. शिकलो चौथीपर्यंत, पण नट कुठला आणि बाहुलं कुठलं, हे मला कुणी शिकवू नये.

शिव्या हेच त्याचं बक्षीस. आत येऊन डोळे मिचकावायचा, "ऐकलंस का गड्या? मुडदा बशिवला की माझा त्या म्हातारीनं! आज काम जमलं."

मग त्याला सिनेमा मिळाला. गिरणीतलं सगळं खातं मिळून आम्ही थेटरात गेलो. भोंग्यानं पडद्यावर तोंड उघडलं आणि आतून भलत्याच माणसाचा आवाज आला. गुळगुळीत, तूप लावलेला. ह्याचं बोलणं गावंढळ वाटतं म्हणून सिनेमावाल्यांनी दुसऱ्याकडून वदवून घेतलं होतं. ह्याला विचारलंसुद्धा नव्हतं.

बाहेर आल्यावर मी म्हणालो, "थुक त्यांच्या तोंडावर."

"पडद्यावर तोंड तर माझंच हाय की रं," म्हणून तो हसला. सिनेमावाल्यांपेक्षा मला त्या हसण्याची जास्त किळस आली.

तिथून गडी बिघडला. पुढचा सिनेमा आपल्या आवाजात मिळावा, एवढा एकच ध्यास. आरशापुढं 'आहे', 'नाही' घोकायचा. बायकोला म्हणायचा, "जरा चहा देतेस का?" ती वैतागायची, "आवं, पाव्हण्यावानी काय बोलताय?"

तेच सोंग त्यानं नाटकातही आणलं. केम गावच्या खेळाला, जिथं डरकाळी फोडायची, तिथं असं सोवळं वाक्य टाकलं की लोक फिदीफिदी हसले. एकाही बाईनं शिवी दिली नाही. आत आला तेव्हा तोंड पांढरंफटक. मी त्याच्याशी बोललो नाही. चुकलो नाही, आजही तेच करीन. पुढं सिनेमे मिळाले, पण कामं सगळी मुकी. दारात उभा, गर्दीत उभा, नाहीतर हिरोचा मार खाऊन आडवा.

गेल्या महिन्यात तो गेला. जिवंतपणी ज्यांनी त्याला कधी चहा पाजला नाही, ते इस्त्रीच्या कपड्यांत शोकसभेला आले. 'सोलापूरचा बुलंद आवाज' म्हणाले, आणि तोच सिनेमा मोठ्या पडद्यावर लावला. ते तुपाळ बोलणं हॉलभर घुमलं. वर टाळ्या!

मी ओरडलो, "बंद करा ते!"

"आजोबा, बसा खाली," एक कार्यकर्ता गुरकावला.

तेवढ्यात पहिल्या रांगेतून त्याची बायको उठली. डोक्यावरचा पदर सावरत पडद्याजवळ गेली, आणि भाषणवाल्यांकडं वळून म्हणाली, "ह्यो कोण बोलतोय? माझ्या मालकाच्या तोंडातनं भाईर काढा त्येला."