बादलीवाला विल्फ ऑल्डरॉइड

१९५६ साली हेबलथॉर्पच्या रग्बी लीग संघाला काउंटी कपात कुणी हिंग लावून विचारत नव्हतं. यॉर्कशरमधले पंधरा-सोळा संघ, बाद पद्धत, हरला की घरी. सप्टेंबरात सुरू झालेलं ऑक्टोबरअखेर संपायचं, आणि हेबलथॉर्पचं तर बहुतेक वेळा पहिल्याच शनिवारी संपायचं. लोक त्याला इतके सरावले होते की दुसऱ्या फेरीच्या तारखेला खुशाल लग्नं धरायचे. त्या वर्षी संघ पहिली फेरी जिंकला, आणि चर्चमध्ये एक नवरदेव अर्ध्या वऱ्हाडाविना उभा राहिला. दुसरी फेरीही जिंकल्यावर खाटीक क्रॅबट्री, म्हणजे क्लबचे चेअरमन, गिऱ्हाइकाला न मागता जास्तीचं सॉसेज घालू लागले. असा चमत्कार गावानं कधी पाहिला नव्हता.

या सगळ्यात विल्फ ऑल्डरॉइड होता, पण असून नसल्यासारखा.

विल्फ छप्पन्न वर्षांचा. आठवडाभर लोकरीच्या गिरणीत रंगखात्यात. पोलिसांच्या कोटाचं कापड रंगत असलं की त्याचे हात कोपरापर्यंत निळे, शाळेच्या गणवेशाचं असलं की हिरवे. तरुणपणी तो याच संघातून खेळला होता आणि नाक दोनदा मोडून घेतलं होतं. आता शनिवारी तो बादली आणि स्पंज घेऊन मैदानाच्या कडेला बसायचा. गडी पडला की धावत जायचं, गार पाणी मानेवर पिळायचं, उग्र वासाची बाटली नाकाशी धरायची.

त्या काळी बदली गडी हा प्रकारच नव्हता. तेरा उतरले की तेराच. एक बाहेर गेला की बाकीच्या बारांनी मरमर मरायचं. त्यामुळे पडलेल्याला उभं करणारा तो चांगला बादलीवाला, असा सगळीकडचा हिशेब. विल्फचा हिशेब जरा वेगळा होता. डोक्याला मार बसलेल्याला तो तीन प्रश्न विचारायचा: आज वार कोणता? समोर कोण? स्कोअर किती? एक जरी उत्तर चुकलं तरी बाहेर, मग समोर कुणी का असेना. एकदा त्यानं खुद्द कप्तान स्टॅन हेप्वर्थला कॉलर धरून बाहेर काढलं होतं. क्रॅबट्री कठड्यावरून ओरडले, "अरे, तू आमच्याकडून आहेस की त्यांच्याकडून?" विल्फनं मागे वळूनसुद्धा पाहिलं नव्हतं.

पण तो विल्फ मार्चच्या आधीचा.

मार्चमध्ये त्याची बायको हिल्डा गेली. गुरुवारी खोकला वाढला, रविवारी संपलं. तेहतीस वर्षांचा संसार. सोमवारी माती झाली आणि मंगळवारी विल्फ कामावर हजर. रडला नाही, की कुणाशी चार शब्द बोलला नाही. शेजारणी म्हणाल्या, "काय खंबीर माणूस आहे!" लोकांनाही काय, डोळ्यांत पाणी दिसलं नाही की खंबीर म्हणून मोकळे. खंबीर कसला? त्याला काही वाटतच नव्हतं. भूक लागायची नाही, म्हणून घड्याळ बघून तो मोरीपाशी उभ्यानंच चरबी लावलेला पाव खायचा. चुलीवर हात भाजला तेव्हा आधी वास आला, मग त्याला कळलं.

उपांत्य सामना थॉर्नलीशी होता. हेबलथॉर्प एका गुणानं जिंकलं, पण डेनिस लमचं डोकं जोरात आपटलं. डेनिस बावीस वर्षांचा, संघातला सगळ्यात चपळ गडी, जूनमध्येच लग्न झालेला. विल्फनं तीन प्रश्न विचारले. उत्तरं बरोबर आली, पण वेळ लावून आली. विल्फनं त्याला खेळू दिलं.

पुढच्या आठवड्यात गिरणी सुटताना डेनिसची बायको मॉरीन फाटकापाशी उभी होती.

"विल्फकाका, जरा थांबा ना."

"बोल पोरी."

"डेनिसचं डोकं दुखायचं थांबतच नाही हो. परवा कपात चहा ओतत बसला. कप भरला, बशी भरली, तरी ओततोय! मी ओरडले तर माझ्याकडेच बघतोय, जसं काही मीच येडी."

"डॉक्टरकडे ने."

"नेऊ कशी? 'फायनल झाल्यावर' म्हणतो. चाळीस वर्षांनी गावाला फायनल मिळालीय, आता त्याला कोण अडवणार? माझा दीर तर म्हणाला, बायकांनी यात नाक खुपसू नये." तिनं त्याची निळी बाही धरली. "तुम्ही अडवाल. पुन्हा डोक्याला लागलं तर तुम्ही त्याला बाहेर काढायचं. हरले तर हरू देत. मला शब्द द्या."

"बरं," विल्फ म्हणाला.

ती "देव तुमचं भलं करो" म्हणत गेली. आपण शब्द दिला हे विल्फला कळलं होतं. शब्द दिल्यावर माणसाला छातीत जे ओझं वाटतं, ते मात्र वाटलं नाही.

फायनल लीड्सच्या मैदानावर, समोर रेव्हन्सली. अख्खं हेबलथॉर्प बसगाड्या करून आलेलं. ज्यांनी आयुष्यात चेंडू पाहिला नव्हता त्या म्हाताऱ्याही गळ्यात संघाचे मफलर घालून पुढच्या रांगेत, आणि रेफरीच्या सात पिढ्यांचा उद्धार त्याच करत होत्या. विल्फ बादलीपाशी बसला होता. हजारो माणसं ओरडत होती आणि त्याला ते शेजारच्या घरातल्या रेडिओइतकं लांबचं वाटत होतं.

बारा मिनिटं उरली होती. नऊ-सात, हेबलथॉर्प पुढे. रेव्हन्सलीचा एक धिप्पाड गडी चेंडू घेऊन सुटला आणि डेनिसनं त्याचे पाय धरले. त्या गड्याचा गुडघा डेनिसच्या कानशिलावर बसला. डेनिस पडला, आणि पडलेलाच राहिला.

विल्फ धावत गेला. मानेवर पाणी पिळलं, बाटली नाकाशी धरली. डेनिसनं डोळे उघडले.

"वार कोणता रे, डेनिस?"

"शनिवार."

"समोर कोण आहे?"

डेनिसनं इकडेतिकडे पाहिलं. "थॉर्नली."

अगदी स्पष्ट म्हणाला. ऐकण्यात चूक होणं शक्यच नव्हतं.

स्टॅन हेप्वर्थ गुडघ्यावर बसला होता. त्यानंही ऐकलं होतं. "रेव्हन्सली म्हणाला तो," स्टॅन घाईनं बोलला. "हो ना रे, डेनिस? रेव्हन्सली ना?"

"हो. रेव्हन्सली."

"बघ! उठव त्याला, विल्फ. तुझ्या पाया पडतो. बारा जणांनी नाही निभायचं."

विल्फनं डेनिसकडे पाहिलं. एक डोळा सरळ बघत होता, दुसरा जरासा भलतीकडे. इथं आपला हात कॉलरकडे जायला हवा, हे त्याला माहीत होतं. मॉरीनचा चेहराही आठवला, बाही धरलेला हात आठवला. सगळं आठवलं, फक्त त्यातलं काहीही आत पोचलं नाही. हात स्पंजावरच राहिला. तिसरा प्रश्न त्यानं विचारलाच नाही.

"खेळ," तो म्हणाला.

डेनिस बारा मिनिटं खेळला. दोनदा टॅकलही केलं. नऊ-सातच राहिलं आणि हेबलथॉर्पनं कप जिंकला. स्टॅननं विल्फला बादलीसकट उचललं. क्रॅबट्री लहान मुलासारखे रडले. विल्फला कुणीतरी कपातून बिअर पाजली आणि तो ती प्यायला.

परतीच्या बसमध्ये कप हातोहात फिरत होता. डेनिस खिडकीशी बसलेला. कप त्याच्या मांडीवर आला तेव्हा त्यानं तो फिरवून फिरवून बघितला.

"फायनल कधी आहे रे?" त्यानं विचारलं.

बसमध्ये हशा पिकला. "ऐका! याला एक कप पुरेना!" कुणीतरी मागून ओरडलं, "उद्या, लेका, नाश्त्यानंतर!" डेनिसही हसला. विल्फ त्याच्या शेजारी येऊन बसला.

"डेनिस, आज काय झालं सांग बरं."

"आज?" डेनिसनं मांडीवरच्या कपाकडे पाहिलं. मग ओशाळून म्हणाला, "मी खेळलो का, काका?"

गावात बँड वाजत होता. सहा वाजले होते. विल्फनं त्याला गर्दीतून बाजूला काढलं आणि दंडाला धरून घरी नेलं. दार वाजवायच्या आधीच मॉरीननं उघडलं. तिला निकाल कळला होता. गाल लाल, केस नीट केलेले.

"आला माझा वाघ! अरे, बोल की! जिंकलात ना?"

"मॉरीन," डेनिस म्हणाला, "फायनल पुढच्या शनिवारी आहे का गं?"

"पुरे हं चावटपणा." ती हसली. मग विल्फकडे पाहिलं आणि हसू थांबलं. "काका? काय झालं?"

रात्रभर झोपला की होईल बरा, असं म्हणता आलं असतं. सगळे बादलीवाले दारात उभं राहून हेच म्हणत आले होते.

"पुन्हा लागलं त्याला," विल्फ म्हणाला. "समोर कोण ते त्यानं चुकीचं सांगितलं. मी ऐकलं, पोरी. ऐकलं आणि परत पाठवलं."

"तुम्ही मला शब्द दिला होता."

"हो."

"मग का?"

"मला काही वाटलंच नाही," विल्फ म्हणाला.

डेनिस दाराची चौकट धरून हळूहळू खाली बसला. मॉरीननं त्याचं डोकं पोटाशी धरलं. "उभे काय राहिलात?" ती किंचाळली. "डॉक्टरला आणा! पळा!"

विल्फ पळाला. चढणीच्या रस्त्यानं, बँडच्या मधून, पाठीवर थापा मारणाऱ्यांना ढकलत. कुणीतरी ओरडलं, "विल्फ, अरे जिंकलो की आपण!" चढ अर्धा चढल्यावर त्याच्या तोंडून आवाज फुटला. तो भ्यायला होता. सात महिन्यांत त्याला पहिल्यांदाच काहीतरी वाटत होतं, आणि ते एवढं होतं की डॉक्टरच्या दारात पोचल्यावर त्याला बोलताच येईना.