सोन्याचं पाणी करणारी शाळा

मशीनच्या डोक्यावर दोन बोटांनी टकटक करून अक्का विचारायच्या, "हायत का घरात?" मग उत्तरही स्वतःच द्यायच्या, "हायत, हायत. भट्टी पेटलीया." आणि सुया टोचायला हात माझ्यापुढे करायच्या.

मी सोलापुरातल्या एका दवाखान्यात डायलिसिसची मशीनं चालवतो. कुणाची सोबत म्हणून तुम्ही अशा खोलीत कधी बसला असाल, तर तिथे वेळ जाता जात नाही हे तुम्हाला सांगायला नको. एसीची थंडी, अंगावर घरून आणलेली चादर आणि आवाज बंद केलेला टीव्ही. पेशंट दमलेले, नातेवाईक दमलेले, आणि मी तर दमण्यालाही सरावलेला.

अक्का दुधनीहून पॅसेंजरनं यायच्या. गावातल्या शाळेत पोरांची खिचडी शिजवण्यात त्यांची उमेदीची वर्षं गेली. किडन्या निकामी झाल्या, शाळा सुटली, तेव्हा त्यांनी मनातच एक नवी शाळा काढली. किमयागारांची.

ती शाळा दोन सूर्यांच्या मुलखात होती. तिथे नदी नाही, आड नाही. सोनं मात्र रानात ढेकळांसारखं पडलेलं. पोरं सोनं मारून चिंचा पाडतात. "सोनं चाटून तहान भागती का?" अक्का खाटेवरून सगळ्यांना विचारायच्या. "न्हाय की! म्हणून आमच्या शाळंत सोन्याचं पानी करायला शिकवत्यात." मुशीत सोनं घालायचं, फुंकून फुंकून गाल दुखवून घ्यायचे, तेव्हा कुठे चार थेंब सुटायचे. ते गुरुजींनी बघायच्या आत प्यायले की नापास.

त्या शाळेत चंबू नावाचा एक विद्यार्थी होता. हुशार, पण दर वर्षी नापास. गुरुजी दारात येईपर्यंत त्याला धीर निघायचा नाही. हा चंबू कोण, हे खोलीत सगळ्यांना माहीत होतं: शेजारच्या खाटेवरचे रिक्षावाले चाचा. मला तिथे पाणक्याची नोकरी होती. "आमचा पानक्या उलटा हाय," अक्का म्हणायच्या. "पाजत न्हाय, काढून घेतो."

खरंच आहे ते. किडनी गेलेल्या माणसाचं प्यालेलं पाणी अंगातच साठतं, छातीत चढतं, जिवावर बेततं. म्हणून दिवसाला मोजकं पाणी. आणि सोलापूरचा उन्हाळा काय असतो, ते बाहेरच्यांनी विचारू नये. आल्या आल्या आम्ही वजन करतो. किती पाणी साठलंय ते काटाच सांगतो. मग लोक युक्ती करतात. काट्यावर उभं राहून हळूच भिंतीला हात टेकतात. तेवढाच भार भिंतीवर.

चाचांचा हात भिंतीकडे सरकला की अक्का खाटेवरून आधी कानडीत, मग मराठीत ओरडायच्या, "साकप्पा, साकु! पुरे! चंबू, गुरुजी बघत्यात!"

"कसम से अक्का, बर्फ का टुकडा चूस्या बस," चाचा कळवळून सांगायचे, आणि हात खाली घ्यायचे. माझं कधी ऐकलं नाही त्यांनी. अक्कांचं ऐकायचे. पुढेपुढे त्यांचं वजन आटोक्यात राहायला लागलं, आणि त्याचं श्रेय डॉक्टरांनी मला दिलं!

यंदाच्या मे महिन्यात एक दिवस अक्का काट्यावर चढल्या आणि त्यांनी भिंतीला हात टेकला. पाय सुजले होते, धाप लागली होती. मी म्हणालो, "अक्का, हात."

"ऱ्हाऊ दे की रं जरा," त्या म्हणाल्या. "वजनासाठी न्हाय. उभं ऱ्हावत न्हाय म्हणून धरलाय."

पण पाणीही प्यायल्या होत्या. कबूल केलं त्यांनी. बरेच दिवस मशीनवर त्यांचा बीपी पडत होता, दर वेळी डोळे पांढरे व्हायचे. डॉक्टरांनी त्यांना आणि मुलाला बसवून सांगितलं होतं की हृदय थकलंय. आणत राहिलात तर असेच हाल, थांबवलंत तर थोडेच दिवस. ठरवा. मुलगा रडला. अक्का ठरवून आल्या होत्या, हे मला उशिरा कळलं.

त्या दिवशी गोष्ट पुढे सरकेना. चाचांनी विचारलं, "अक्का, चंबू का क्या हुआ?"

"पास झाला," अक्का डोळे मिटूनच म्हणाल्या. "आता त्यो गुरुजी हाय तितला. पोरास्नी त्यानंच बघायचं."

चाचांनी चादर तोंडावर ओढून घेतली.

अक्कांच्या डायलिसिसच्या पुढच्या वाराला मी मशीन लावून बसलो. दुधनीची पॅसेंजर येऊन बराच वेळ झाला होता. मी फोन केला. त्यांनीच उचलला.

"अक्का, गाडी चुकली का?"

"चुकली न्हाय. सोडली."

"मशीन लावून ठेवलंय मी."

"मग दुसऱ्या कुनाला बसव की. रिकामं नगं ठिवू."

मला खूप बोलायचं होतं. एवढी माणसं या खोलीतून गेली, पण या बाईनं जाऊ नये असं मला वाटत होतं, आणि ते सांगायची माझी ऐपत नव्हती. तेवढ्यात पलीकडे तांब्या वाजला. मग घोट. एक, मग आणखी एक, न थांबता, लहान मूल पितं तसे. मी दिवसभर लोकांना पाणी पिऊ नका म्हणून सांगणारा माणूस. फोन कानाला तसाच धरून ऐकत राहिलो.

"लई ग्वाड हाय रं," अक्का म्हणाल्या.

"सावकाश प्या, अक्का," मी म्हणालो. "ठसका लागेल."