भरतीकाकांचा खाडा

आमच्या समुद्रविज्ञान संस्थेच्या ग्रंथालयात लोक दोनच कारणांनी येतात. एकतर पुस्तक हवं असतं, नाहीतर पंख्याखाली बसायचं असतं. भरतीकाका तिसऱ्याच कारणासाठी येत. दर सोमवारी दहाच्या ठोक्याला छत्री दाराशी टेकवून ते माझ्या टेबलासमोर उभे राहत आणि विचारत, "काय म्हणतात आमच्या वह्या?" वसतिगृहात ठेवलेल्या मुलीची खुशाली विचारावी, तसा सूर असे. मी इथली ग्रंथपाल. तोंडाने फटकळ आहे असं सगळे म्हणतात आणि ते खोटं नाही. मी म्हणायची, "वह्या बोलत नाहीत काका, म्हणून तर मला आवडतात." ते हसत आणि तरी कपाटापर्यंत जाऊन बघून येत.

त्या अठ्ठावन्न वह्या काकांनी एकट्याने भरलेल्या. एकोणतीस वर्षं, सकाळ-दुपार-संध्याकाळ, बंदराच्या टोकाच्या दगडी खोलीत जाऊन समुद्राची पातळी वाचायची आणि लिहायची, एवढीच त्यांची नोकरी. पुढे यंत्र आलं, काका निवृत्त झाले आणि वह्या माझ्याकडे आल्या. भरती-ओहोटीचा हिशेब ठेवणारा माणूस म्हणून भरतीकाका. त्यांचं खरं नाव पगारपत्रकाबाहेर कोणी वापरलं असेल असं वाटत नाही. स्वतःबद्दल ते एकच वाक्य बोलत, पण ते भेटेल त्याला ऐकवत. "एकोणतीस वर्षांत एक खाडा नाही." टपालवाल्यालाही ऐकवून झालं होतं.

या वर्षी त्या वह्यांचं नशीब उघडलं. संस्थेचं मोठं पुस्तक निघायचं होतं, आपल्या किनाऱ्यावर समुद्र किती चढला यावर. त्यातलं एक प्रकरण आमच्या एका तरुण संशोधिकेकडे आलं होतं. काका तिला डॉक्टरबाई म्हणत, आणि पहिल्याच भेटीत त्यांनी तिला आपला गुडघा दाखवला होता. "अहो, ती पाण्याची डॉक्टर आहे," मी म्हटलं. "मग बरोबर आहे की, गुडघ्यात पाणीच झालंय," काका म्हणाले. तेव्हापासून त्या दोघांचं चांगलं जमलं. आपल्या वह्यांचे आकडे छापील पुस्तकात येणार म्हणून काकांनी नवा चष्मा करून घेतला.

आणि मग एका सोमवारी डॉक्टरबाई पडेल चेहऱ्याने आली. तिच्या हातात कागदाची लांब पट्टी होती. एकोणतीस वर्षांची पातळी तिने एका रेषेत काढली होती. रेष हळूहळू चढत होती, जशी चढायला हवी तशीच. पण बाराव्या वर्षी ती एकदम पाच सेंटिमीटर वर उडी मारत होती, चार महिने तिथेच राहत होती आणि पुन्हा तशीच खाली येत होती.

"काका, त्या वर्षी कोणी पाणी मोजायची पट्टी हलवली होती का? दुरुस्ती झाली होती?"

"नाही," काका म्हणाले. एवढंच म्हणाले. एरवी एका प्रश्नाला ते वादळांसकट तीन वर्षांचा इतिहास सांगत.

"मग मला या वह्या घेता येणार नाहीत," ती म्हणाली. तिचा आवाज बारीक झाला होता. "समुद्र असा चार महिने वर जाऊन थांबत नाही. पट्टी एकदा कोणी हलवली असेल, तर बाकीच्या वर्षांत हलवली नाही याचा भरवसा काय? संपादक विचारणारच. शुक्रवारी प्रकरण द्यायचंय. कारण सापडलं नाही, तर सगळी एकोणतीस वर्षं सोडून द्यावी लागतील."

काकांनी छत्री घेतली आणि निघून गेले. कपाटाकडे बघितलंसुद्धा नाही. मला तिचा राग आला, मग काकांचा आला, मग स्वतःचाच आला, कारण मला कशातलंच काही कळत नव्हतं. मला आकडे कळत नाहीत. कागद मात्र कळतो. दुपारी मी बाराव्या वर्षाच्या दोन्ही वह्या टेबलावर घेतल्या.

काकांच्या वह्या हाताला कशा लागतात, ते मला डोळे मिटूनही सांगता येईल. त्या खोलीचं दार समुद्राकडे उघडतं. खाऱ्या पाण्याचे तुषार उडून पानं फुगलेली, कडा लाटांसारख्या वाकलेल्या, मधूनमधून शाई फुटलेली. पण त्या वर्षीची चार महिन्यांची पानं सपाट होती. अक्षर काकांचंच, सही काकांचीच, पण एकाही पानावर थेंब नाही. ही पानं त्या खोलीत लिहिलेली नव्हती. ती घरात बसून लिहिली होती.

मी सरळ काकांच्या घरी गेले. दोन खोल्यांचं घर, वसाहतीतलं, बंदरापासून हाकेच्या अंतरावर. काकू जाऊन सहा वर्षं झाली होती. मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं. काकांनी पाण्याचा पेला पुढे केला. मी वही पुढे केली.

"काका, ही पानं कोरडी का?"

"हवा चांगली असेल तेव्हा."

"त्यातला एक महिना वादळाचा आहे. तुम्हीच लिहिलंय, दार उडालं म्हणून. मला बनवू नका. घरी बसून अंदाजाने आकडे टाकलेत का?"

हे मी नको इतकं फाडकन बोलले. काका ताडकन उठले. "अंदाज? मी?" आणि मग तसेच खाली बसले. "पाय मोडला होता," ते म्हणाले. "त्या खोलीच्याच पायरीवर शेवाळावरून घसरलो. चार महिने प्लास्टर. कळवलं असतं तर बदली माणूस आला असता, आणि तो कसला रोज जातोय. खाडे पडले असते. मग ही म्हणाली, मी जाते."

काकू रोज तीन वेळा जात, काटा बघत, आकडा जुन्या कॅलेंडरच्या मागे लिहून आणत आणि काका पलंगावर बसून तो वहीत उतरवून खाली आपली सही करत. वहीच्या पहिल्या पानावर सरकारी सूचना छापलेली होती, 'जे दिसेल तेच लिहावे'. काकूंनी ती पाठ करून टाकली होती.

"पहिल्या दिवसापासून तिचा आकडा जास्तच यायचा. मला पाण्याचा अंदाज पक्का. मी म्हणायचो, अगं एवढं पाणी नसणार, नीट बघ. ती म्हणायची, मला दिसलं ते सांगितलं. मी म्हणायचो, चार-पाच कमी करून टाकतो. तर वही ओढून घ्यायची. 'जे दिसेल तेच लिहावे, तुमच्याच साहेबांनी लिहिलंय.' चार महिने भांडलो आम्ही. डोळे तपासून घे म्हणालो. आंधळी म्हणालो एकदा. तिने चुकीचं वाचलं, हे मला तेव्हापासून माहीत आहे. आता सांगितलं, तर सही खोटी ठरते आणि तिचं नाव खराब होतं. न सांगावं तर वह्या जातात. तुम्हीच सांगा काय करू."

मी वही उचलून परत आले. माझ्या फटकळ तोंडाचा ऐनवेळी कधीच उपयोग होत नाही.

बुधवारी, सोमवार नसताना, काका ग्रंथालयात आले. इस्त्रीचा सदरा, पायात बूट. ते डॉक्टरबाईसमोर उभे राहिले आणि म्हणाले, "बाराव्या वर्षाच्या चार महिन्यांची सही खोटी आहे. वाचन माझ्या बायकोचं आहे. काय कारवाई करायची ती माझ्यावर करा, पण बाकीच्या वह्यांना शिक्षा नको."

मला वाटलं, आता ती डोकं धरून बसणार. तिने भलताच प्रश्न विचारला. "काकू उंचीला कशा होत्या?"

अर्ध्या तासात आम्ही तिघं त्या दगडी खोलीत होतो. खोलीत विहीर आहे, तिच्यात खालून नळीने समुद्राचं पाणी येतं. पाण्यावर पत्र्याचा डबा तरंगतो, डब्यावर उभी दांडी, दांडीला काटा. काट्याच्या मागे भिंतीवर आकड्यांची पट्टी. अलीकडे लोखंडी कठडा, त्याला पोट टेकवून उभं राहायचं आणि बघायचं. यंत्र आल्यावर हे सगळं तिथेच राहून गेलेलं.

"वाचा," डॉक्टरबाई काकांना म्हणाली.

"एक मीटर बावन्न," काका झटकन म्हणाले.

मग तिने मला तिथेच उभं केलं. "एक मीटर छप्पन्न," मी म्हटलं.

"बावन्न आहे हो!"

"छप्पन्न आहे! मला काय दिसत नाही का?"

डॉक्टरबाई हसायला लागली. आम्ही दोघंही तिच्याकडे रागाने बघत राहिलो. तिने कठड्यावरून हात घालून दाखवलं. काटा पट्टीला चिकटलेला नव्हता, चांगला बारा सेंटिमीटर पुढे होता. उंच माणूस वरून बघतो, त्याला काटा पट्टीवर खाली दिसतो. बुटका माणूस खालून बघतो, त्याला तोच काटा वर दिसतो. दोघंही खरं बोलतात. काका एकोणतीस वर्षं एकाच जागी, एकाच उंचीवरून बघत होते, म्हणून त्यांची रेष सरळ आली. आणि काकू चार महिने आपल्या उंचीवरून बघत होत्या, म्हणून त्यांचीही सरळच आली, फक्त थोडी वर.

"काका, काकूंनी एकही आकडा चुकवलेला नाही," ती म्हणाली. "खरं सांगू? तुमच्यापेक्षा त्यांची रेष जास्त स्वच्छ आहे. तुम्ही मधूनमधून पाचाच्या पटीत लिहिता. त्यांनी तसं कधीच केलं नाही."

ती तिथेच कागदावर गणित मांडत होती. पाच पूर्णांक दोनची उडी, बाराचं अंतर, कठड्यापासून काट्यापर्यंतचे साठ. "यावरून त्या तुमच्यापेक्षा सव्वीस सेंटिमीटर कमी निघतात. तुम्ही एकशे त्र्याहत्तर. म्हणजे एकशे सत्तेचाळीस. जमतंय का?"

"सेंटिमीटर मला सांगता येणार नाहीत," काका म्हणाले. "डोकं इथपर्यंत यायचं." आणि त्यांनी खांद्याच्या जरा वर, ओठांच्या पातळीखाली, हवेत तळहात आडवा धरला.

डॉक्टरबाईने खिशातून टेप काढला, जमिनीपासून त्या तळहातापर्यंत लावला आणि आकडा मला दाखवला. माझ्याच्याने तो मोठ्याने वाचवला नाही. मग तिनेच वाचला. "एकशे सत्तेचाळीस."

टेप गुंडाळून झाला, तरी काकांनी हात खाली घेतला नाही. "आंधळी म्हणालो मी तिला," ते म्हणाले. मी बाहेर जाऊन उभी राहिले. डोळ्यांत तुषार गेले असं म्हणायची सोय तिथे होती.

प्रकरण शुक्रवारी गेलं. खोट्या सहीबद्दल संचालकांनी काकांना एक पत्र पाठवलं, जरा कडक, आणि खाली हाताने लिहिलं, 'आभार'. पुस्तक आलं तेव्हा सोमवारच होता. मी तक्त्याचं पान उघडून दिलं. काका बोट ठेवून बाराव्या वर्षापर्यंत गेले. चारही महिने जागेवर होते, उंचीमुळे आलेला फरक वजा करून. खाली बारीक अक्षरांत टीप होती: 'या चार महिन्यांतील वाचन निरीक्षकाच्या पत्नीचे. निरीक्षणे अचूक. उंची १४७ सेंमी.'

नवा चष्मा काढून, पुसून, पुन्हा लावून काकांनी ती टीप तीनदा वाचली. मग माझ्याकडे बघून म्हणाले, "बघा, मी खोटं सांगत नव्हतो. एकोणतीस वर्षांत खाडा नाहीच पडला. तिने पडू दिला नाही."