लालीची रल्ली

हीरामावशी कापडावर खडूची रेघ कधी मारत नसे. कापडाची चौकोनी घडी घालायची, पुन्हा तिरपी दुमडायची आणि सरळ कात्री चालवायची. मला वाटे, गेलं कापड वाया. मग ती घडी उलगडे आणि आतून जाळी निघे. "ये हमारे आँगन का दरवाजा," ती सांगे. दुसऱ्या तुकड्यातून विहीर निघे, तिसऱ्यातून बाभळीची सावली. मला सगळीकडे नुसती जाळीच दिसे. ती म्हणे, "तू वहाँ गई नहीं ना बेटी. जो गया, उसको दिखता."

वाशीमला आमच्या भिंतीला लागून तिची खोली होती. ती आणि तिचा नवरा, दोघंच. पाकिस्तानातल्या सिंधमधून ते तीर्थाला म्हणून आले आणि परत गेले नाहीत. नवरा बाजारात एका नातेवाइकाच्या कापडदुकानात कामाला होता. तो चिंध्या आणी, ती त्या रंगारंगानं लावून गाठोड्यात बांधी. नळावर बाया म्हणत, "सरका वो, पाकिस्तानवाली आली." ती हसत कळशी टेकवी. "वहाँ हमको हिंदुस्तानवाले बोलते थे. नाम बदला, नंबर पीछे का पीछे."

मी नळावर कुणाशी बोलत नाही. चौथीनंतर शाळा सुटली, तेव्हापासून चार बायांत तोंड उघडायची मला लाज वाटते. एक दिवस मी ओट्यावर गोधडी शिवत बसले होते. हीरामावशी आली, समोर बसली आणि न विचारता माझे टाके बोटानं चाचपू लागली. "हाथ अच्छा है," एवढंच म्हणाली. त्या दिवसापासून ती रोज यायची.

त्यांना इथले कायमचे कागद मिळाले नव्हते. कचेरीत परवानगी घेतल्याशिवाय शहराची हद्द ओलांडायची नाही, असं होतं. माझ्या भाच्याचं लग्न मेडशीला होतं. मी म्हटलं, "मावशी, चाला न. तासाभरात तं पोचतो." ती एसटी स्टँडपर्यंत आली. माझी पिशवी तिनं खिडकीतून आत दिली आणि गाडीच्या पत्र्यावर हात ठेवून उभी राहिली. "मेरी लाली का गाँव बी बॉर्डर से इतनाच है. एक घंटा." गाडी सुरू झाली तरी तिचा हात निघेना. कंडक्टर ओरडला, "ओ बाई, सरा न बाजूले!"

लाली तिची एकुलती एक मुलगी. आईबाप निघायच्या आधी घाईघाईत तिचं लग्न तिकडेच लावून दिलं होतं. त्यांच्यात मुलीबरोबर आईच्या हातची रल्ली सासरी जावी लागते. रल्ली म्हणजे त्यांच्याकडची गोधडीच, पण जाळ्याजाळ्यांची. घाईत ती राहून गेली. लालीची सासू येताजाता टोमणा मारायची, "तेरी माँ खाली हाथ भेज के भाग गई." लाली फोनवर हे हसत सांगायची. फोन ठेवला की मावशी कात्री घेऊन बसायची.

रल्लीचा वरचा भाग कधीच तयार होऊन ट्रंकेत पडला होता. अस्तर नव्हतं, आत भरण नव्हतं. मी विचारलं, "पुरी काहून नाही करत?" ती म्हणाली, "थर जोडने को बाया लगते. चारों तरफ बैठते, गाते. अकेली नहीं भरते रल्ली. इधर मले कोण हाय?"

"मी हाय न," माझ्या तोंडून निघून गेलं.

तिच्या खोलीत फरशीवर रल्ली पसरली. अर्धी तिची, अर्धी माझी. "गा, नहीं तो धागा अटकता," ती म्हणाली. आम्ही विहारात म्हणतो त्यातलं एक गाणं मी हळूच म्हटलं. तिनं तिचं म्हटलं. दोघींच्या माना खाली. शिवत शिवत मधोमध आलो तेव्हा चूक दिसली. आमच्या गोधडीचा टाका काठाकाठानं जातो आणि कोपऱ्यात वळतो. तिचा टाका सरळ जाणारा, वळणं त्याला ठाऊक नाही. दोन्ही एकमेकांना मिळेनात. मी उसवायला लागले तर तिनं माझा हात धरला. "रहने दे. लाली पूछेगी, ये किसका हाथ है? मैं बोलूँगी, इधर बी मेरी एक बाई है."

ओळखीचं एक कुटुंब तिकडे परत जाणार होतं, त्यांच्यासोबत रल्ली पाठवायचं ठरलं. मावशीनं ती धुतलेल्या चादरीत बांधून दाराशी ठेवली. आणि सीमा बंद झाली. ते कुटुंबही इथंच अडकलं. टपालही जाईना. मग मावशीनं रल्ली फोनसमोर धरली. लालीनं बोट दाखवलं, "अम्मा, ये मुड़नेवाले टाँके किसके?" मावशीनं मला ओढून पुढं केलं. माझी मान काही वर होईना. लाली म्हणाली, "राम राम मासी." मागून सासूचा आवाज आला, "पहुँचेगी, तब मानूँगी." मावशीनं रल्ली पुन्हा चादरीत बांधली. गाठोडं मात्र तिनं दाराजवळून हलवलं नाही. येताजाता त्याला पाय अडे, तरी नाही.

यंदा उन्हाळ्यात ती गेली. तिरडी बांधून झाली तेव्हा नात्यातल्या एका बाईनं ते गाठोडं सोडलं. "हिच्याच हातची आहे, हिच्यावरच घाला." दारात सगळी वस्ती जमली होती. मी म्हटलं, "नोका घालू. ते लालीची हाय."

माझा आवाज एवढा मोठा निघतो हे मला माहीत नव्हतं. कुणीतरी विचारलं, "कोण लाली?" मावशीच्या नवऱ्यानं रल्ली उचलली आणि माझ्या हातावर ठेवली.

ती आता माझ्या पेटीत आहे. लालीचा फोन येतो. "मासी, तह बदलते रहना. एकच जगह मुड़ा तो कपड़ा कटता है." मी अधूनमधून ती काढते, ऊन देते आणि घडी बदलते. दरवाजा कुठला, विहीर कुठली, हे मला आता बघितल्याबरोबर कळतं. काल विहिरीवरची घडी काढून बाभळीवर घातली. दरवाज्यावर मी घडी पडू देत नाही.