बांधावरचा डबा

मैत्रिणींनो, तासाभरापूर्वीच घरी आले.

आज येळवस, शेतात पांडवांची पूजा करून सगळ्यांनी तिथंच जेवायचा सण. दरवर्षी मी लोहाऱ्याहून माकणीला धाकट्या बहिणीच्या, सुमीच्या शेतात जाते. काल तिचा फोन आला, "ताई, सासूबाई तापानं फणफणल्यात. औंदा शेतात कुणीच जाणार न्हाय."

म्हटलं, सासू आजारी, हिला कुठली सवड? पहाटे उठून भज्जी, म्हणजे सणाची ती शेंगा-पालेभाज्यांची मिसळ, केली, डबा घेऊन जीपनं गेले. घराला कुलूप. शेताकडं वळले, तर कडब्याच्या पेंढ्या उभ्या करून केलेल्या कोपीत पांडवांची पूजा चालू, भोवती सगळा गोतावळा. सासूबाई ठणठणीत!

सुमी पळत बांधावर आली. "ताई, दाजींना जाऊन वर्ष न्हाय झालं. पूजेत तू नको, असं समद्या म्हणल्या."

"समद्या म्हणल्या. तू काय म्हणलीस?"

 ती माझ्या हातातला डबा धरत म्हणाली, "ह्यो ठिवून जा. तुझ्या हातची भज्जी समद्यांना लई आवडती."

डबा मी ओढून घेतला. आता समोर आहे, झाकणसुद्धा उघडलं नाही.

लोकांचं सोडा हो. सख्ख्या बहिणीला माझ्या हातची भज्जी चालते, मग मी का चालत नाही?