चहा दोन, भजी चार

कनेरगाव नाक्याच्या टेलिफोन एक्सचेंजला माझी बदली झाली. तिथे मी इतका एकटा होतो, की खोलीतली पालसुद्धा कंटाळून बदली मागून गेली. यंत्रातून अख्ख्या गावाचं बोलणं जायचं, माझ्याशी मात्र कोणी बोलायचं नाही.

सकाळी मी समोरच्या धाब्यावर जायचो. तिथे दराची पाटी नव्हती, मालक फक्त एकूण पैसे सांगायचा. पहिल्या दिवशी एक चहा, एक प्लेट भजी, सहा रुपये. दुसऱ्या दिवशी दोन चहा, एक प्लेट भजी, आठ रुपये. म्हणजे वाढलेला चहा दोनचा आणि भजी चारची. हिशेब तिथेच सुटला. पण तसं कबूल केलं असतं तर बोलणं संपलं असतं. म्हणून पुढचे आठ महिने मी रोज भांडलो.

"काल तीन चहा, दोन प्लेट भजीचे चौदा, मग आज दोन चहा, तीन प्लेटचे सोळा कसे?"

या भांडणापायी मी एवढी भजी खाल्ली, की हिंगोलीपर्यंत बेसन महागलं.

"साहेब, डोकं काहून खाऊन राहिले? बराबर हाय!" म्हणत तो समोर बसून सगळं समजावायचा.

एक दिवस त्याने वैतागून पाटीच रंगवून आणली. "घ्या, मिटली तुमची तकलीफ!" म्हणून तो गल्ल्याकडे वळला.

मी डोळे चोळले.

"मालक, मला लांबचं दिसत नाही. जरा वाचून दाखवता का?"

तो परत येऊन शेजारी बसला. दोन ओळींची पाटी मी त्याच्याकडून तीनदा वाचून घेतली.