मलिद्यातली गोळी

गोपिकाबाईचा जन्म गेला मेंढरांमागं. जनावराच्या पोटात औषध कसं घालायचं, हे तिला कुणी शिकवायला नको. कणकेचा गोळा, आत औषध, वरून गूळ. बैलही मुकाट गिळतो. हीच अक्कल बाईनं सख्ख्या भावावर चालवली अन् तिथंच घोटाळा झाला.

धाकट्या गोरक्षनाथाला नसलेल्या माणसांचे आवाज यायचे. घनसावंगीच्या दवाखान्यात महिन्यातून एकदा येणाऱ्या डॉक्टरांनी गोळ्या दिल्या. त्यानं हात लावला नाही. मग बाई भाकरीच्या मलिद्यात कुटून घालू लागली. गडी माणसात आला, हसूबोलू लागला. पण एका दुपारी कडू कण जिभेला लागला अन् त्यानं ताट सरकवलं. आक्का आपल्याला विष घालते, ही त्याची जुनी भीती. आता तर त्याची खात्रीच पटली. तिच्या हातचं पाणीसुद्धा घेईना.

"बांधून टाकू," थोरले भाऊ काकासाहेब म्हणाले.

साखळी मेंढरांच्या वाड्यातल्या मेढीला, त्या लाकडी खांबाला, अजून होती. असेच आवाज ऐकणारे चुलते धर्मराज तिलाच बांधलेले असायचे, मेंढरांशेजारी, मरेपर्यंत. लहानगी गोपिका त्यांच्याकडं पाण्याचा तांब्या काठीनं ढकलायची. तेव्हा ना डॉक्टर होता, ना गोळी. कुणाला काय माहीत होतं, असं म्हणून सुटता यायचं. आता कसं सुटणार?

गावात आरोग्याचं बघणारी आशाताई नाजिया मात्र हे ऐकून गोपिकाबाईवरच चिडली. "मावशी, जनावर हाये का तो? सांगून द्या. चोरून बिलकुल न्हाई."

 बाई भावासमोर जाऊन बसली. एका तळव्यावर गोळी, पुढ्यात भाकर.

"मलिद्यात मीच घालत होते. चुकलं माझं. ही डोक्याची गोळी हाये, विष न्हाई."

त्यानं गोळीकडं बोट केलं. "न्हाई घेतली तर धर्मातात्यासारखं बांधतान का?"

"न्हाई. मी हाये तवर कुणीच न्हाई."

"आधी तू भाकर खा."

तिनं त्याच्या ताटातली अर्धी भाकर खाल्ली. उरलेली त्यानं खाल्ली. गोळी तशीच राहिली. बाई उठली, साखळी मेढीवरून काढली आणि भंगारवाल्याच्या गाड्यावर टाकून आली. काकासाहेब तोंड फिरवून बसले.

दुसऱ्या दिवशी ती चुलीपुढं होती. गोरक्षनाथ दारात आला, हात पुढं केला.

"आक्का, दे ती गोळी," तो म्हणाला. "अन् मलिदा येगळा कर. त्यात गूळ जास्त घाल."